पाषाणातील शब्द : ध्वनिसंचयी खनिजाच्या कल्पिताची चिकित्सा

१

अद्भुतरम्य साहित्यात नाना गुणांची खनिजे आढळतात. काही अंधारात प्रकाशतात, काही जखमा भरून काढतात, काही धारण करणाऱ्याची मती भ्रष्ट करतात. या कल्पितांची घडण पाहिली तर असे दिसते की, खनिजाच्या ठायी मुळातच संभवणाऱ्या एखाद्या गुणाला तेथे अतिशयाचे रूप दिलेले असते. हिरा चमकतोच, कथेत तो स्वयंप्रकाशी होतो. काही खनिजे औषधी असतात, काही विषारी असतात; कथा त्यांची मात्रा वाढवते एवढेच. ध्वनी साठवून ठेवणारे खनिज ही कल्पना मात्र या मार्गाने सिद्ध होत नाही. दगड आघाताने वाजतो, नाद परतवतो; ऐकलेले धरून ठेवणे हा त्याचा स्वभाव नाही. आपल्या भाषेत तर दगड हे न ऐकणाऱ्याचे आणि न बोलणाऱ्याचेच उपमान आहे. भिंतीलाही कान असतात असे आपण म्हणतो. पण त्या भिंतीला पुढे कधी तोंड फुटेल, हे त्या म्हणीला अभिप्रेत नसते.

तरीही ही कल्पना युरोपीय कथासाहित्यात पुनःपुन्हा अवतरली आहे. कधी गोठलेल्या शब्दांच्या रूपाने, कधी किंकाळी जपणाऱ्या खोलीच्या रूपाने, तर कधी खडकात सापडलेल्या बोलक्या घनाच्या रूपाने. समीक्षेत तिची बोळवण बहुधा ‘स्मृतीचे प्रतीक’ या दोन शब्दांत होते. पाषाण टिकतो, स्मृतीही टिकावी अशी माणसाची इच्छा असते, म्हणून पाषाण स्मृतीचे प्रतीक, असा हा सरळ हिशेब आहे. प्रस्तुत लेखात असे प्रतिपादन करावयाचे आहे की हा हिशेब अपुरा आहे. स्मृती निवडते, विसरते, जोडते, बदलते. ध्वनिसंचयी खनिज यांतले काहीच करीत नाही. त्याचे नाते स्मृतीपेक्षा साक्षीशी अधिक जवळचे आहे, आणि साक्ष म्हटली की ती कोणी ऐकावी, कोणी दडपावी आणि कोणी तिच्यावर विश्वास ठेवावा, हे प्रश्न ओघानेच येतात. या प्रकारच्या कथांपैकी ज्या चांगल्या आहेत त्या याच प्रश्नांपाशी येऊन थांबतात, असे त्यांच्या वाचनातून दिसते.

अद्भुताच्या प्रकाराविषयी एक खुलासा आधीच करायला हवा. त्झ्वेतान तोदोरोव्ह यांनी १९७० मध्ये केलेल्या विवेचनानुसार, ज्या कथेत अतिनैसर्गिक घटना ही त्या जगाचा नियम म्हणून स्वीकारली जाते ती शुद्ध अद्भुत कथा होय. आणि जेथे वाचक नैसर्गिक व अतिनैसर्गिक स्पष्टीकरणांमध्ये दोलायमान राहतो ती निराळी. पुढे विचारात घेतलेल्या कथा या दोन्ही प्रकारांच्या सीमेवर पसरलेल्या आहेत. त्यांना एकत्र आणणारा धागा प्रकाराचा नसून कल्पिताचा आहे.

२

या कल्पितातील विपर्यास नेमका कोठे आहे, हे समजून घेण्यासाठी आपल्या दर्शनांची परिभाषा उपयोगी पडते. न्याय-वैशेषिकांच्या मते गंध हा पृथ्वीचा विशेषगुण आहे आणि शब्द हा आकाशाचा. शब्द उत्पन्न होतो आणि नष्टही होतो. पाण्यावर एका लाटेने दुसरी लाट उठवावी त्याप्रमाणे, किंवा कदंबाच्या गोल फुलातील केसर एकाच वेळी सर्व दिशांना फुटावेत त्याप्रमाणे, एक शब्द दुसऱ्याला जन्म देत कानापर्यंत पोचतो. याचा अर्थ असा की आपण जो ऐकतो तो बोलणाऱ्याच्या मुखातून निघालेला शब्द नसतोच; त्याच्या वंशातील शेवटचा शब्द असतो. मूळ शब्द केव्हाच विराम पावलेला असतो. ध्वनिसंचयी खनिज म्हणजे आकाशाचा गुण पृथ्वीला देणे होय. पदार्थव्यवस्थेच्या दृष्टीने हा सरळसरळ संकर आहे, आणि या कल्पितात जी अस्वस्थता दडलेली असते तिचे मूळ या संकरात शोधता येते.

मीमांसकांची भूमिका याच्या उलट आहे. वर्ण नित्य आहेत. उच्चार त्यांना निर्माण करीत नाही, केवळ अभिव्यक्त करतो. आज ऐकलेला गकार काल ऐकलेलाच आहे अशी प्रत्यभिज्ञा आपल्याला होते, ती या नित्यत्वामुळेच. मीमांसकाला आपले हे खनिज दाखवले तर तो म्हणेल की यात साठवण्यासारखे काही नाही; जे कधी नाहीसे होतच नाही ते साठवायचे कशाला?

नैयायिकाला हे खनिज अशक्य वाटते, मीमांसकाला ते अनावश्यक वाटते. कथा मात्र त्या दोघांच्या मधली जागा घेते. तिला शब्दाचे क्षणभंगुरत्व मान्य असते, पण त्यातील एखादा क्षण नाशापासून अडवून धरलेला तिला हवा असतो. म्हणून खनिजात जे उरते ते नित्य शब्द नसते. ती एक घडलेली, एकदाच घडलेली घटना असते.

या घटनेचे स्वरूप भर्तृहरीच्या एका भेदाने अधिक स्पष्ट होते. ‘वाक्यपदीया’त ध्वनीचे प्राकृत आणि वैकृत असे दोन प्रकार मानले आहेत. शब्दाचे स्वरूप ज्यामुळे प्रकटते तो प्राकृत ध्वनी. उच्चाराची द्रुत, मध्यम किंवा विलंबित गती ज्यामुळे भासते तो वैकृत. वैकृत ध्वनीमुळे शब्दाच्या स्वरूपात भेद होत नाही. म्हणून शब्दविचाराच्या दृष्टीने तो गौण आहे. लिपी जे टिपते ते स्थूलमानाने प्राकृताच्या बाजूचे असते. गती, कंप, धाप, घोगरेपणा, शब्दांमधला हुंदका, हा वैकृताच्या बाजूचा सगळा ऐवज ती वगळते. ध्वनिसंचयी खनिजाची मातब्बरी अशी की शब्दविचाराने जे गौण ठरवले आणि लिपीने जे टाकून दिले, तेच ते जपून ठेवते. शिलालेखही पाषाणातच असतो. पण त्यातील राजाज्ञा कोणत्याही मुखातून वाचता येते. या खनिजातील आवाज एकाच कंठाचा असतो, आणि तो कंठ बहुधा मेलेला असतो.

३

या कल्पिताचे एक समृद्ध आणि जुने रूप फ्रान्स्वा राब्ले यांच्या पांताग्रुएलच्या कथामालेतील ‘चौथ्या पुस्तका’त सापडते. ते १५५२ मध्ये पूर्ण रूपात प्रसिद्ध झाले. येथे खनिजाची जागा बर्फाने घेतली आहे. पांताग्रुएल आणि त्याचे सोबती गोठलेल्या समुद्राच्या सीमेवर येतात आणि कोणी दिसत नसताना त्यांना आवाज ऐकू येऊ लागतात. जहाजाचा नावाडी उलगडा करतो. गेल्या हिवाळ्यात येथे मोठी लढाई झाली. योद्ध्यांचे शब्द, बायकांचे आक्रोश, शस्त्रांचे खणखणाट, घोड्यांचे खिंकाळणे हे सारे हवेतच गोठून गेले आणि आता ऋतू पालटल्यावर वितळत आहे. पांताग्रुएल न वितळलेले शब्द ओंजळी भरभरून जहाजाच्या फळ्यांवर टाकतो. ते रंगीबेरंगी साखरगोळ्यांसारखे दिसतात. हातात धरले की उबेने वितळतात आणि ऐकू येतात. पण त्यांची भाषा परकी असल्यामुळे अर्थ मात्र लागत नाही.

या प्रसंगाचे वैशिष्ट्य असे की शब्दाच्या जतनाचे कौतुक त्यात जवळजवळ नाही. निवेदकाला काही शब्द तेलात घालून बेगमीला ठेवावेसे वाटतात, तेव्हा पांताग्रुएल त्याला वारतो. ज्याची आपल्याला कधी वाण पडत नाही ते साठवणे हा वेडेपणा होय, अशी त्याची भूमिका आहे. पानुर्ज शब्द मागतो तेव्हा शब्द देणे हे प्रेमिकांचे काम म्हणून तो नाकारतो. विकत मागतो तेव्हा ते वकिलांचे काम म्हणून नाकारतो, आणि विकायचेच तर आपण मौन विकू असेही सुचवतो. हा विनोद वरवरचा नाही. साठवलेला शब्द हाती आला की तो लगेच दान, विक्री आणि साठेबाजी यांच्या व्यवहारात शिरतो, हे राब्ले यांनी ध्वनिमुद्रणाच्या यंत्राला तीन शतकांहून अधिक काळ असताना ओळखले होते.

याच प्रसंगात पांताग्रुएल एक जुना दृष्टान्त आठवतो. प्लूटार्कने नोंदवलेल्या या दृष्टान्तात प्लेटोच्या उपदेशाला कडाक्याच्या थंडीत गोठणाऱ्या शब्दांची उपमा दिली आहे. तरुणपणी शिष्यांनी तो ऐकला तरी त्याचा अर्थ त्यांना म्हातारपणी लागे. येथे गोठणे म्हणजे कळण्याला लागणारा विलंब होय. शब्द मध्यंतरी कोठे होता, तर तो श्रोत्यातच होता. वितळण्यासाठी त्याला आयुष्याची ऊब हवी होती. या दोन चित्रांत मूलभूत अंतर आहे. एकात शब्द वस्तूत साठतो आणि वितळला तरी परकाच राहतो. दुसऱ्यात तो माणसात साठतो आणि वितळताना त्याचा होतो. राब्ले यांनी दोन्ही शेजारी ठेवली आणि त्यांतील विसंगती मिटवली नाही.

४

राब्ले यांच्या थट्टेला गंभीर रूप येते ते एकोणिसाव्या शतकात. गणनयंत्राचे जनक म्हणून ओळखले जाणारे चार्ल्स बॅबेज यांनी १८३७ मध्ये ‘नववा ब्रिजवॉटर प्रबंध’ प्रसिद्ध केला. त्यात आपल्या शब्दांचा आणि कृतींचा पृथ्वीवर कायमचा ठसा कसा उमटतो याविषयी एक प्रकरण आहे. तेथील युक्तिवाद यांत्रिक आहे. उच्चारामुळे हवेच्या कणांना जी गती मिळते ती विभागत, क्षीण होत जाते, पण कधीच शून्य होत नाही. म्हणून पुरेशी गणनशक्ती असलेल्या बुद्धीला हवेतून आजवर उच्चारलेला प्रत्येक शब्द वाचून काढता येईल. हवा हे एक अफाट ग्रंथालय ठरते.

या कल्पनेचा शेवट बॅबेज कोठे करतात, हे महत्त्वाचे आहे. ते गुलामांच्या जहाजाचे उदाहरण घेतात. पकडले जाण्याच्या भीतीने जिवंत माणसांना समुद्रात लोटणाऱ्या कप्तानाविरुद्ध हवेचा आणि पाण्याचा कण न् कण साक्ष देईल, असे ते सांगतात. ग्रंथालयाची प्रतिमा येथे न्यायालयाच्या प्रतिमेत रूपांतरित होते. बुडालेल्यांचा आवाज कोणत्याही दप्तरात नोंदला गेला नव्हता. दप्तर ज्याच्या हाती होते तोच गुन्हेगार होता. निसर्गाने लिहून ठेवलेली नोंद ही अशा वेळी न्यायाची शेवटची आशा ठरते. ध्वनिसंचयी द्रव्याचे कल्पित साक्षीशी जोडलेले आहे असे वर म्हटले, त्याचा हा सर्वांत स्वच्छ पुरावा होय. मात्र ही साक्ष ऐकणारा बॅबेज यांच्या विवेचनात मानवी नाही, आणि त्यामुळे श्रोत्याच्या अधिकाराचा प्रश्न त्यांना पडत नाही. १८७७ मध्ये थॉमस एडिसन यांच्या फोनोग्राफने आवाज माणसाच्या हाती दिला तेव्हा तो प्रश्न टाळणे अशक्य झाले.

नायजेल नील यांनी लिहिलेले ‘द स्टोन टेप’ हे दूरचित्रवाणी-नाट्य बीबीसीने २५ डिसेंबर १९७२ रोजी दाखवले. एका इलेक्ट्रॉनिक्स कंपनीचे संशोधक जुन्या वाड्यात प्रयोगशाळा थाटतात. जपानी स्पर्धेला तोंड देण्यासाठी त्यांना ध्वनिमुद्रणाचे नवे माध्यम हवे आहे. वाड्यातील एका दगडी खोलीत पूर्वी मरण पावलेल्या मोलकरणीची किंकाळी पुनःपुन्हा ऐकू येते. भूत म्हणून जे समजले जाते ते दगडात उमटलेले मुद्रण असावे, असा तर्क निघतो आणि गटप्रमुख ब्रॉक हर्षभरित होतो. हवे ते माध्यम पायाखालीच निघाले! मोलकरणीचे मरण येथे कच्चा माल ठरते. दगडाने बोलावे म्हणून त्याच्यावर यंत्रांचा इतका भडिमार केला जातो की ते मुद्रण पुसले जाते, आणि त्याखालून अधिक जुने, अधिक भयंकर असे काहीतरी वर येते. गटातील संगणकतज्ज्ञ जिल हिला ते आधी जाणवते. तिचे कोणी ऐकत नाही आणि तिचा त्यात अंत होतो. ब्रॉक तिच्या नोंदी नष्ट करतो. शेवटी त्या खोलीत त्याला जिलचाच आवाज ऐकू येतो.

येथे लेखन आणि ध्वनी यांचा विरोध फार नेमकेपणाने मांडला गेला आहे. कागद नष्ट करता आला; दगड करता आला नाही. पण दगडाने जपले ते जिलचे संशोधन नव्हे, तिचे प्रतिपादनही नव्हे. तिची किंकाळी जपली. भर्तृहरीच्या भाषेत सांगायचे तर प्राकृत हरपले आणि वैकृत उरले. जिवंतपणी जिचे म्हणणे ऐकले गेले नाही, तिचा केवळ कंठ मरणानंतर ऐकू यावा, ही साक्ष आहे खरी; पण ती काय सांगते हे समजण्याचा मार्ग ऐकणाऱ्यानेच बंद करून टाकला आहे. शिवाय एक उपरोध ध्यानात घेण्यासारखा आहे. ज्या ध्वनिफितीला ही कंपनी पर्याय शोधते आहे, तिच्यावरचा लेपही लोहाच्या ऑक्साइडचाच, म्हणजे गंजाच्या जातीच्या खनिजद्रव्याचाच असे. ध्वनी साठवणारे खनिज माणसाला आधीच सापडले होते; सापडला नव्हता तो ऐकण्याचा विवेक.

जे. जी. बॅलर्ड यांच्या ‘द साउंड-स्वीप’ या १९६० मधील कथेत हाच प्रश्न उलट्या टोकाने येतो. तेथे ध्वनी भिंतींत, लाकूडसामानात मुरून राहतात आणि मँगन हा मुका कामगार ते यंत्राने झाडून शहराबाहेरच्या ध्वनींच्या उकिरड्यावर नेऊन टाकतो. जेथे काहीच नष्ट होत नाही तेथे पुसणे हीच सेवा ठरते, आणि ती सेवा करणाऱ्याला स्वतःचा आवाज नसतो. संचयाचे ओझे कोण वाहते, या प्रश्नाची ही वर्गीय बाजू आहे.

५

दुय्यम जगाच्या पूर्ण अद्भुतात या कल्पिताचा विचारपूर्वक वापर झाला आहे तो टेरी प्रॅचेट यांच्या ‘थड!’ (२००५) या कादंबरीत. ‘डिस्कवर्ल्ड’ मालिकेतील ही कादंबरी विनोदी म्हणून वाचली जाते आणि त्यामुळे तिच्या वैचारिक बांधणीकडे दुर्लक्ष होण्याचा संभव आहे. तेथे बुटके आणि ट्रोल या दोन जमातींचे पिढ्यान्‌पिढ्यांचे वैर आहे. कूम दरीतील प्राचीन लढाईत दुसऱ्याने दगा दिला, असे दोन्ही बाजू मानतात. यांतील ट्रोल हे स्वतःच पाषाणदेही आहेत आणि बुटके हे खाणी खणणारे आहेत. म्हणजे पाषाण येथे एकाचे शरीर आहे तर दुसऱ्याचे उपजीविकेचे साधन. अशा जगात जमिनीखाली एक लहानसा घन सापडतो आणि तो बोलतो. काटेकोर अर्थाने तो खनिज नव्हे. पण या वस्तू कोणी घडवल्या हे ठाऊक नसते, त्या खडकातून खणून काढाव्या लागतात. त्या घनात त्या लढाईच्या वेळच्या बुटक्यांच्या राजाचा आवाज आहे. तो सांगतो की दोन्ही बाजू कूम दरीत तह करण्यासाठी आल्या होत्या.

हाच ध्वनी कादंबरीत तीन प्रकारे ऐकला जातो. पहिला श्रोता चित्रकार आहे. त्याला आवाज ऐकू येतो, पण त्या आवाजाशी त्याचे कोणतेच नाते नाही. तो भ्रमिष्ट होतो. कूम दरीचे प्रचंड चित्र तो रंगवतो आणि घनाच्या भयाने ग्रासून जातो. दुसरे श्रोते बुटक्यांमधील कर्मठ धर्मगुरू आहेत. त्यांना आवाज समजतो, आणि समजतो म्हणूनच तो असह्य होतो. वैरावर उभी असलेली त्यांची सत्ता त्याने कोसळणार असते. तो ऐकणाऱ्या खाणकामगारांना ठार मारले जाते. तिसऱ्या वेळी तो बुटके, ट्रोल आणि माणसे यांच्यासमोर एकत्र ऐकला जातो आणि त्यातून समेट शक्य होतो. ध्वनीत काहीच बदललेले नाही. एकट्याच्या कानात तो वेड झाला, बंदिस्त गटाच्या कानात हत्या झाला आणि परस्परांच्या देखत ऐकला तेव्हा साक्ष झाला.

या रचनेला आणखी एक पदर आहे. या बुटक्यांच्या श्रद्धेनुसार विश्व लिहिले गेले आहे. म्हणून लिहिलेला शब्द पुसणे हे त्यांच्या लेखी घोर पातक. शहराचा पोलीसप्रमुख वाइम्झ लहानपणी शाळेत फळा पुसण्याचे काम करीत असे, ही क्षुल्लक गोष्ट त्यामुळे त्यांना भयंकर वाटते. हा विनोद असला तरी त्याचे टोक तीक्ष्ण आहे. शब्द पुसणे निषिद्ध मानणारे लोक शब्द ऐकणाऱ्यांना मात्र पुसून टाकतात. शब्दाच्या पावित्र्याचा सिद्धान्त श्रोत्याचा जीव वाचवू शकत नाही, हे येथे उघड होते. शब्दपूजक संस्कृतींच्या, अर्थात आपल्याही, इतिहासात हे वाक्य अनेक ठिकाणी खरे ठरलेले आहे.

तरी या कादंबरीवर एक गंभीर आक्षेप घेता येतो आणि तो टाळणे योग्य होणार नाही. शतकांचे वैर एका मूळ आवाजाने मिटावे, हे फार सोयीचे आहे. जाक देरिदा यांनी १९६७ पासून ज्या धारणेची चिकित्सा केली, ती म्हणजे उच्चारित वाणीत वक्ता आणि सत्य प्रत्यक्ष उपस्थित असतात ही समजूत, येथे पाषाणाच्या साहाय्याने परत आली आहे असे कोणी म्हणेल. इतिहासाचे लेखन परस्परविरोधी असते, अर्थनिर्णयाची गरज भासवते. आवाज मात्र स्वयंप्रमाण! न्यायदर्शनाच्या अंगानेही हीच शंका उपस्थित होते. शब्द हे प्रमाण ठरते ते आप्ताचे वचन म्हणून. बोलणारा विषय जाणणारा आणि यथार्थ सांगू इच्छिणारा असला पाहिजे. दगड आप्त असू शकत नाही. तो खोटे बोलत नाही हे खरे. पण ज्याला खोटे बोलता येत नाही त्याला खरे बोलण्याचे श्रेयही देता येत नाही. खोटे बोलणाऱ्या राजाचा आवाजही त्याने तितक्याच इमानाने जपला असता.

हा आक्षेप बऱ्याच अंशी ग्राह्य आहे, परंतु संपूर्ण नाही. कादंबरीत घनाचा आवाज एकटा येत नाही. दरीखालच्या गुहेत त्या लढाईतील बुटके आणि ट्रोल यांचे देह सापडतात. ठिबकणाऱ्या चुनखडीच्या पाण्याने त्यांच्यावर दगडाचे कवच चढलेले आहे, आणि त्यांचे दोन राजे सारीपाटासारख्या एका खेळाच्या पटावर समोरासमोर बसलेले आहेत. म्हणजे एका पाषाणाने ध्वनी जपला आणि दुसऱ्याने मौन. ऐकलेल्या शब्दाला पाहिलेल्या पटाची जोड मिळते तेव्हाच श्रोते त्याच्यावर विसंबतात. शब्दप्रमाणाला प्रत्यक्षाचा आधार मिळतो. आणि खेळ दोघांशिवाय होत नाही, ही गोष्ट कोणत्याही आवाजाने सांगावी लागत नाही. त्या मौन पटाने प्रॅचेट यांच्या कथेला स्वयंप्रमाण वाणीच्या भाबडेपणातून पुष्कळसे वाचवले आहे. जेथे ती वाचत नाही ते ठिकाण म्हणजे तहानंतरचा उत्तरभाग: सत्य कळल्यावर वैर ओसरते असे कादंबरी गृहीत धरते. प्रत्यक्ष इतिहासात सत्य कळल्यावरही वैर टिकते, कारण तोवर ते अनेकांच्या चरितार्थाचे साधन झालेले असते. कर्मठ धर्मगुरूंच्या चित्रणात प्रॅचेट यांना हे दिसले होते. शेवटाकडे येताना त्यांनी ते सोडून दिले.

६

या विवेचनाचा मराठी अभ्यासकाशी काय संबंध, असा प्रश्न येथे विचारला जाऊ शकतो. संबंध आहे, आणि तोही पाषाणाच्याच मार्गाने येतो. हेमा राईरकर आणि गी प्वातवाँ यांनी विसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकांत सहकाऱ्यांसह महाराष्ट्राच्या खेड्यापाड्यांतून जात्यावरच्या ओव्या संकलित केल्या. लाखाहून अधिक ओव्या लिहून घेतल्या गेल्या आणि त्यांतील काही भाग ध्वनिफितींवर मुद्रित झाला. जाते हा दगड काहीही साठवत नाही. तरी पिढ्यान्‌पिढ्या ओवी टिकली ती त्याच्याच संगतीत. जात्यावर बसले की ओवी सुचते, असे आपली भाषा म्हणते. ही नित्यता मीमांसकांच्या नित्यतेच्या जवळची आहे. दर पहाटे नवा कंठ, जुनी ओवी. जात्याची घरघर हे केवळ अभिव्यक्तीचे निमित्त. येथे साठा नव्हता, कारण खंड नव्हता. पांताग्रुएल म्हणतो त्याप्रमाणे, ज्याची वाण नाही ते कोण साठवणार?

पिठाची गिरणी गावोगाव आली, पहाटेचे दळण थांबले आणि वाण पडली. तेव्हा दुसरे खनिज पुढे आले, ध्वनिफितीवरचा लोहाचा लेप. त्याने जे जपले ते छापील ओवीत नाही. दळताना लागणारी धाप, खुंट्याच्या फेऱ्याबरोबर लांबणारा स्वर, दोघींच्या आवाजांतले अंतर, मध्येच आलेला खोकला, हे सारे वैकृत त्या फितीत आहे. लोकसाहित्याच्या आपल्या अभ्यासाने दीर्घकाळ ओवीची संहिता हातात घेतली आणि हे बाजूला ठेवले. अर्थ, प्रतिमा, छंद, नातेसंबंधांची वर्गवारी यांवर आपण लिहिले. श्रम आणि श्वास यांच्या संबंधावर फारच थोडे. लिपीने वगळले ते समीक्षेनेही वगळले. फित हाती आल्यावर हे निमित्त उरत नाही.

पण येथेच वर पाहिलेल्या कथांचा इशारा लागू पडतो. मुद्रित आवाज हा ‘द स्टोन टेप’मधील संशोधकांप्रमाणे कच्चा माल म्हणूनही ऐकता येतो. त्या चित्रकाराप्रमाणे कोणत्याही नात्याशिवाय ऐकता येतो. ज्या बायकांनी ओव्या गायिल्या त्यांनी सासर, माहेर, मार, उपास, विठ्ठल यांविषयी जे सांगितले ती साक्ष आहे, आणि ती बहुधा घरातल्या माणसांच्या देखत, पण त्यांना उद्देशून न सांगता, दगडाला सांगितलेली आहे. ती ऐकणारा अभ्यासक हा तिचा अभिप्रेत श्रोता नव्हता. श्रोता होण्याचा अधिकार त्याला मिळवावा लागतो. संग्रह करणाऱ्यांनी गायिकेचे नाव आणि गाव ओवीबरोबर नोंदवण्याचा जो आग्रह धरला त्याचे मोल केवळ शास्त्रीय काटेकोरपणाचे नाही; आवाजाला त्याचा कंठ परत देण्याचा तो प्रयत्न आहे.

ध्वनी साठवणारे खनिज अद्भुत जगात सापडो की ध्वनिफितीवर, त्याच्या ठायी स्मरणाची शक्ती नाही. ते धरून ठेवते, एवढेच. स्मरण करणे, शंका घेणे, विश्वास टाकणे, आणि प्रसंगी मौन राखणे ही कामे ऐकणाऱ्याची आहेत. प्लूटार्कच्या दृष्टान्तातील शिष्यांना ऐकलेला शब्द कळायला आयुष्य लागले. आपल्याजवळच्या फिती तुलनेने अलीकडच्या आहेत. पण त्यांत गाणाऱ्या बायकांपैकी कित्येक जणी आता या जगात नाहीत, आणि त्यांचे म्हणणे त्यांना विचारून समजून घेण्याची मुदत संपत आली आहे.